इंटरनेट नसलेल्या संगणकांवर ड्रायव्हर कसे टाकावेत? शाळेच्या संगणक कक्षासाठी सल्ला हवा आहे

सातपुडा_शाळा

नमस्कार. नंदुरबार जिल्ह्यातील धडगाव तालुक्यात, डोंगराळ भागातील एका माध्यमिक शाळेत मी शिक्षिका आहे. एका कंपनीने आपल्या कार्यालयातून काढलेले बारा डेस्कटॉप आमच्या शाळेला देणगी म्हणून दिले आहेत. सगळे डेल ऑप्टिप्लेक्स ७०१० या एकाच मॉडेलचे असून त्यांत आय-३ प्रोसेसर आणि ४ जीबी रॅम आहे. हार्ड डिस्क पूर्ण पुसून मिळाल्यामुळे मी पेनड्राइव्हवरून विंडोज १० ची ६४-बिट आवृत्ती नव्याने टाकली.

विंडोज व्यवस्थित सुरू होते, परंतु पडद्यावरचे रिझोल्यूशन १०२४ बाय ७६८ च्या पुढे जात नाही, त्यामुळे रुंद मॉनिटरवर अक्षरे ताणलेली दिसतात आणि मुलांना वाचायला त्रास होतो. डिव्हाइस मॅनेजरमध्ये डिस्प्लेच्या जागी ‘मायक्रोसॉफ्ट बेसिक डिस्प्ले ॲडॉप्टर’ असे नाव आहे, आणि ‘पीसीआय सिंपल कम्युनिकेशन्स कंट्रोलर’ व ‘पीसीआय सिरियल पोर्ट’ या दोन नावांवर पिवळे चिन्ह आहे. आवाज येतो, लॅनचे कार्डही ओळखले गेलेले दिसते.

अडचण अशी की शाळेत ब्रॉडबँड नाही आणि मोबाइलची रेंजही शाळेच्या इमारतीत येत नाही. बाजाराच्या दिवशी मी धडगावला जाते तेव्हा माझ्या मोबाइलवर चांगले नेट मिळते, पण तेथे संगणक हाताशी नसतो. जे काही उतरवायचे ते मोबाइलवरच उतरवून शाळेत आणावे लागेल. एका परिचितांनी ‘सगळ्या संगणकांचे सगळे ड्रायव्हर’ असलेला कित्येक जीबींचा संच उतरवण्याचा सल्ला दिला आहे, पण तो सुरक्षित आहे की नाही हे मला ठरवता येत नाही.

नेमके काय उतरवावे, कोठून उतरवावे आणि बारा संगणकांवर ते कमी श्रमात कसे टाकावे, याबद्दल जाणकारांनी मार्गदर्शन करावे. शाळेत कॅनन एलबीपी २९००बी हा लेसर प्रिंटरही आहे, तोही याच संगणकांना जोडायचा आहे.

हार्डवेअर_नाशिक

ताई, आपण लक्षणे इतकी स्पष्ट लिहिली आहेत की काम बरेच सोपे झाले आहे. तो मोठा संच तूर्त बाजूला ठेवा. आपल्याला फार तर तीन फाइली लागणार आहेत, त्यांतली खरी निकडीची एकच आहे.

ड्रायव्हर, म्हणजे संगणकाचा एखादा भाग विंडोजला वापरता यावा म्हणून लागणारी छोटी प्रणाली, नेटशिवाय टाकायचा असेल तर आधी शाळेत बसून कागदावर टिपण करायचे आणि मगच गावात जायचे, असा क्रम ठेवा. डिव्हाइस मॅनेजर उघडा, ज्या नावावर पिवळे चिन्ह आहे त्यावर उजवे क्लिक करून ‘प्रॉपर्टीज’ घ्या, ‘डिटेल्स’ या टॅबवर जा आणि यादीतून ‘हार्डवेअर आयडीज’ निवडा. तेथे तीन-चार ओळी दिसतील. त्यांत ‘व्हीईएन’ या अक्षरांनंतर चार अंक-अक्षरे आणि ‘डीईव्ही’ या अक्षरांनंतर चार अंक-अक्षरे असतात. पहिला क्रमांक तो भाग बनवणाऱ्या कंपनीचा असतो आणि दुसरा त्या भागाचा. ८०८६ म्हणजे इंटेल, १०ईसी म्हणजे रिअलटेक, १०डीई म्हणजे एनव्हिडिया, १४ई४ म्हणजे ब्रॉडकॉम. डिव्हाइस मॅनेजरमधले नाव मोघम असू शकते, पण हा क्रमांक चुकत नाही.

आपल्या मॉडेलमध्ये इंटेलचा क्यू७७ चिपसेट असतो, म्हणून आपल्याला काय दिसेल हे मी आधीच सांगू शकतो. ‘पीसीआय सिंपल कम्युनिकेशन्स कंट्रोलर’ याचा क्रमांक ८०८६ आणि १ई३ए असा असेल, ते इंटेलचे मॅनेजमेंट इंजिन आहे. ‘पीसीआय सिरियल पोर्ट’ याचा क्रमांक ८०८६ आणि १ई३डी असा असेल. ते त्याच यंत्रणेचे दुसरे अंग आहे, मोठ्या कार्यालयांत दूर बसून संगणक हाताळण्यासाठी ते वापरतात. या दोन पिवळ्या चिन्हांमुळे मुलांच्या कामात काहीही अडत नाही, तेव्हा त्यांच्यासाठी जिवाचा आटापिटा करू नये. डिस्प्लेचा क्रमांक बहुधा ८०८६ आणि ०१५२ असेल, म्हणजे इंटेल एचडी २५०० ग्राफिक्स. काही आय-३ प्रोसेसरांत तो ०१६२ असतो, म्हणून बाराही संगणकांवर एकदा खात्री करून घ्या. रिझोल्यूशनचा प्रश्न या एका ड्रायव्हरने सुटेल.

आता कोठून उतरवावे. कंपनीच्या स्वतःच्या सपोर्ट संकेतस्थळावर मॉडेल किंवा सर्व्हिस टॅग (डेलने प्रत्येक संगणकाला दिलेला ओळखक्रमांक) टाकून ड्रायव्हर शोधता येतो, आणि पहिली पसंती तिलाच द्यावी. डेल, एचपी आणि लेनोवो या कंपन्या आपल्या अनेक कार्यालयीन मॉडेलांसाठी सगळ्या ड्रायव्हरांचा एकत्रित संचही देतात. तो मुळात मोठ्या कंपन्यांच्या तंत्रज्ञांसाठी असतो आणि त्यात नेटची मागणी करणारे काहीही नसते. मात्र जुन्या मॉडेलसाठी विंडोज १० चा ड्रायव्हर कंपनीच्या पानावर नसेल, तर ‘मायक्रोसॉफ्ट अपडेट कॅटलॉग’ हे मायक्रोसॉफ्टचेच संकेतस्थळ उघडा. तेथील शोधपेटीत हार्डवेअर आयडीतला ‘व्हीईएन’पासून डिव्हाइसच्या चार अंकांपर्यंतचा भाग, मधल्या ‘अँड’च्या चिन्हासह, जसाच्या तसा लिहिला की त्या भागाचे ड्रायव्हर समोर येतात. त्यांपैकी विंडोज १० साठीचा आणि ‘एएमडी६४’ असे लिहिलेला निवडा. प्रोसेसर इंटेलचा असला तरी ६४-बिटसाठी हेच नाव वापरतात, त्याने गोंधळून जाऊ नका. हे संकेतस्थळ मोबाइलच्या ब्राउझरमध्येही चालते.

एक सावधगिरी मात्र अगदी आवश्यक आहे. अनेक कंपन्या ‘इन्स्टॉलर’ म्हणून जी फाइल देतात ती अवघ्या तीन-चार एमबींची असते, आणि खरा ड्रायव्हर ती नंतर नेटवरून ओढून घेते. डोंगर उतरून गावात जायचे, फाइल घेऊन परत यायचे आणि शाळेत ती ‘इंटरनेट जोडा’ असे सांगून थांबायची, हा अनुभव फार जणांना येतो. म्हणून फाइलीचा आकार पाहा. ग्राफिक्सचा पूर्ण ड्रायव्हर काही मोजक्या एमबींचा असूच शकत नाही. ‘ड्रायव्हर आपोआप ओळखून देतो’ असे सांगणारी कोणतीही सहायक प्रणाली आपल्या कामाची नाही.

कॅटलॉगवरून येणारी फाइल ‘कॅब’ प्रकारची असते. मोबाइलवर ती उघडण्याचा प्रयत्न करू नका, तशीच ठेवा. शाळेत आल्यावर मोबाइल केबलने संगणकाला जोडा आणि मोबाइलवर ‘फाइल ट्रान्सफर’ निवडा. विंडोज १० ला त्यासाठी वेगळा ड्रायव्हर लागत नाही. फाइल डी ड्राइव्हवर घ्या, एक नवे फोल्डर करा आणि ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडलेल्या कमांड प्रॉम्प्टमधून ‘एक्स्पांड’ या आज्ञेने ती त्या फोल्डरात सोडवा. सेव्हन-झिप असेल तर त्यानेही सोडवता येते. आत ‘आयएनएफ’, ‘सिस’ आणि ‘कॅट’ अशा शेपटाच्या फाइली दिसल्या म्हणजे आपल्याकडे खरा ड्रायव्हर आला आहे. आयएनएफमध्ये कोणत्या हार्डवेअरसाठी काय करायचे याच्या सूचना असतात, सिसमध्ये प्रत्यक्ष ड्रायव्हर असतो आणि कॅटमध्ये डिजिटल स्वाक्षरी, म्हणजे फाइलीत कोणी फेरफार केलेला नाही याची खूण, असते. आयएनएफ फाइल नोटपॅडमध्ये उघडून तिच्यात आपला ०१५२ हा क्रमांक शोधा. तो सापडला तर हा ड्रायव्हर आपल्या यंत्रासाठी आहे याची खात्री पटते.

त्यानंतर डिव्हाइस मॅनेजरमध्ये त्या नावावर उजवे क्लिक करून ‘अपडेट ड्रायव्हर’ घ्या, ‘माझ्या संगणकावर शोधा’ या अर्थाचा पर्याय निवडा, फोल्डर दाखवा आणि ‘सबफोल्डर्सही पाहा’ या चौकटीत खूण ठेवा. एका संगणकावर हे जमले की बाकीचे अकरा फार वेळ घेणार नाहीत, ते पुढच्या प्रतिसादात लिहितो.

सातपुडा_शाळा

सर, मनापासून आभार. क्रमांक तपासले. बाराही संगणकांवर डिस्प्लेचा क्रमांक ०१५२ आहे, आणि इतर दोन आपण सांगितल्याप्रमाणेच निघाले. येत्या बाजाराला फाइली उतरवून घेईन.

आणखी एक गोष्ट लक्षात आली. दोन संगणक असे आहेत की रात्री मुख्य बटण बंद केल्यावर सकाळी त्यांची तारीख कित्येक वर्षे मागे गेलेली असते. ड्रायव्हर टाकताना याचा काही परिणाम होईल का?

हार्डवेअर_नाशिक

होऊ शकतो, म्हणून ते आधी दुरुस्त करा. मदरबोर्डवर सीआर२०३२ या क्रमांकाचा नाण्याएवढा सेल असतो, तो संपला आहे. घड्याळाच्या दुकानातही मिळतो. संगणकाची वायर काढून सेल बदला, नंतर संगणक सुरू होताना एफ२ दाबून बायोसमध्ये (विंडोजच्या आधी येणाऱ्या मूळ सेटिंगच्या पानावर) तारीख व वेळ बरोबर करा. डिजिटल स्वाक्षरीच्या प्रमाणपत्राला ठरावीक मुदत असते. संगणकाची तारीख त्या मुदतीच्याही मागे असली तर चांगला ड्रायव्हरसुद्धा स्वाक्षरीच्या कारणाने नाकारला जाऊ शकतो, आणि माणूस उगीच नव्या फाइलीच्या शोधात फिरत राहतो. सेल काढल्यावर बायोसच्या इतर सेटिंगही मूळ स्थितीवर जाऊ शकतात. त्यामुळे विंडोज सुरू झाले नाही तर चालू असलेल्या संगणकाच्या बायोसशी ‘बूट’ आणि ‘साटा’ या दोन ठिकाणच्या सेटिंग ताडून पाहा.

आता अकरा संगणकांविषयी. विंडोजमध्ये ‘पीएनपीयुटिल’ नावाची आज्ञा मुळातच असते. तिला ‘ॲड-ड्रायव्हर’ हा स्विच (आज्ञेपुढे लिहायचा पर्याय) आणि फोल्डरातील सर्व आयएनएफ फाइलींचा मार्ग द्यायचा, आणि पुढे ‘सबडर्स’ व ‘इन्स्टॉल’ हे दोन स्विच लावायचे. उपफोल्डरांसह सगळे ड्रायव्हर ती विंडोजच्या साठ्यात घालते आणि ज्याला जो लागू आहे त्याला तो बसवते. ही एक ओळ बॅच फाइलमध्ये (आज्ञा लिहिलेल्या साध्या मजकूर फाइलीत) लिहून ठेवली तर प्रत्येक संगणकावर फक्त उजवे क्लिक करून ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवायची आहे.

याच आज्ञेचा ‘एक्स्पोर्ट-ड्रायव्हर’ हा दुसरा उपयोगही लक्षात ठेवा. चांगल्या चालणाऱ्या संगणकावर नंतर टाकलेले सर्व ड्रायव्हर ती एका फोल्डरात काढून देते. ज्या कार्यालयात किंवा शाळेत नेट नाही तेथे फॉरमॅट करण्यापूर्वी हे केलेच पाहिजे, असे माझे ठाम मत आहे. चालू असलेल्या यंत्रात योग्य ड्रायव्हर आधीच बसलेला असतो आणि तो पुसून टाकल्यावर आपण तोच शोधत गावोगाव हिंडतो.

शिवाय इंटरनेट नसले तरी आपल्या कक्षात लॅन, म्हणजे संगणक केबलने एकमेकांना जोडणारे जाळे, उभारता येते. आपल्या संगणकांचे लॅन कार्ड इंटेल ८२५७९एलएम आहे आणि विंडोज १० ने ते स्वतःहून ओळखले आहे. सोळा पोर्टांचा साधा नेटवर्क स्विच (संगणकांच्या केबली एकत्र जोडणारी पेटी) आणि केबल घेऊन बारा संगणक जोडले, शिक्षकांच्या संगणकावर ‘ड्रायव्हर’ नावाचे फोल्डर शेअर केले, की पेनड्राइव्ह प्रत्येक यंत्रात खुपसत बसण्याची गरज उरत नाही. नेट नसलेल्या ठिकाणी विषाणू बहुतेक वेळा पेनड्राइव्हमधूनच पसरतात, म्हणूनही हा मार्ग मला अधिक योग्य वाटतो.

मुक्तस्रोत

वरील मार्गदर्शन अचूक आहे. त्याला जोडून एक वेगळा पर्याय मांडतो, कारण शाळेने निदान एका संगणकावर तो करून पाहावा असे मला मनापासून वाटते.

विंडोज १० चा सर्वसाधारण आधार मायक्रोसॉफ्टने १४ ऑक्टोबर २०२५ रोजी थांबवला, आणि ऑप्टिप्लेक्स ७०१० मधला प्रोसेसर विंडोज ११ च्या अधिकृत यादीत बसत नाही. या यंत्राला लिनक्स या मुक्त कार्यप्रणालीवर मात्र वेगळा ड्रायव्हर टाकावाच लागत नाही. इंटेलच्या ग्राफिक्सचा, लॅनचा आणि आवाजाचा असे तिन्ही ड्रायव्हर कर्नलच्या, म्हणजे लिनक्सच्या गाभ्याच्या, सोबतच येतात. पेनड्राइव्हवरून ‘लाइव्ह’ सुरू करून, हार्ड डिस्कला हात न लावता, पडद्याचे रिझोल्यूशन बरोबर येते की नाही हे पाहता येईल.

लिनक्सच्या अनेक प्रकारांपैकी डेबियन घेणार असाल तर बारावी आवृत्ती किंवा तिच्या पुढची घ्या. जून २०२३ मध्ये आलेल्या बाराव्या आवृत्तीपासून अनेक वायफाय कार्डांना लागणारे फर्मवेअर (कार्डाच्या आत चालणारी प्रणाली) अधिकृत इन्स्टॉलरमध्येच समाविष्ट केले आहे. त्यापूर्वी ते वेगळे शोधून पेनड्राइव्हवर ठेवावे लागे आणि नेट नसलेल्या माणसाची तेथेच कोंडी होई. लहान ‘नेटइन्स्ट’ फाइल घेऊ नका, ती उरलेले सर्व नेटवरून मागते. पूर्ण डीव्हीडीची प्रतिमा घ्या. इन्स्टॉलर मराठीतूनही चालतो.

नंतर एखादे पॅकेज (लिनक्सवर बसवायच्या प्रणालीची फाइल) लागलेच तर ‘ॲप्ट-ऑफलाइन’ ही प्रणाली अशाच परिस्थितीसाठी बनवलेली आहे. शाळेतला संगणक कोणत्या फाइली हव्यात याची यादी एका छोट्या फाइलीत लिहून देतो, ती फाइल नेट असलेल्या दुसऱ्या संगणकावर नेऊन सर्व पॅकेजांची एक झिप तयार करायची, आणि ती परत आणून शाळेतल्या संगणकाला द्यायची. ते पॅकेज ज्यांच्यावर अवलंबून असते ती इतर पॅकेजे एकेक करून हाताने गोळा करण्यात जो वेळ जातो तो पूर्ण वाचतो. मात्र ‘ॲप्ट-ऑफलाइन’ स्वतः शाळेच्या संगणकावर आधी असावे लागते, म्हणून पहिल्याच खेपेला त्याचे पॅकेज सोबत आणावे.

ज्यांच्याकडे ब्रॉडकॉमचे जुने वायफाय कार्ड असलेले लॅपटॉप आहेत त्यांनी एक लक्षात ठेवावे. ‘बी४३ फर्मवेअर इन्स्टॉलर’ या नावाच्या पॅकेजात फर्मवेअर नसते. पॅकेज बसवताना ते नेटवरून उतरवले जाते. ते पॅकेज पेनड्राइव्हवर नेऊन काही उपयोग होत नाही. तसेच ज्या पॅकेजच्या नावात ‘डीकेएमएस’ आहे ते आपल्या यंत्रावर ड्रायव्हर नव्याने संकलित करते, म्हणून त्यासोबत चालू कर्नलची हेडर पॅकेजे आणि जीसीसी हा संकलकही आणावा लागतो.

प्रिंटरच्या बाबतीत मात्र मी विंडोजच्याच बाजूने मत देईन. कॅनन एलबीपी २९०० हा ‘कॅप्ट’ ही कॅननची स्वतःची भाषा बोलतो आणि लिनक्सवर तो चालवणे कष्टाचे आहे. प्रिंटर जोडलेला एक संगणक विंडोजवर ठेवावा.

शिरोली_वर्कशॉप

धागा शाळेच्या संगणकांचा आहे, पण आमच्याकडचा प्रश्न याच्या अगदी जवळचा आहे आणि त्याचे उत्तर इतरांनाही उपयोगी पडेल, म्हणून येथेच लिहितो.

कोल्हापूरजवळ शिरोली एमआयडीसीत आमचे मशीन शॉप आहे. सीएनसी (संगणकीय आज्ञांवर चालणाऱ्या) यंत्रांना प्रोग्रॅम पाठवणारा संगणक आम्ही मुद्दाम इंटरनेटपासून तोडून ठेवला आहे. यंत्राकडे आरएस-२३२ हा जुन्या पद्धतीचा सिरियल पोर्ट आणि नव्या संगणकाला सिरियल पोर्ट नाही, म्हणून मधे यूएसबी-टू-सिरियल केबल लागते, आणि सगळा घोळ या केबलच्या ड्रायव्हरात होतो. पीसीआयसाठी वर जे सांगितले तेच येथेही लागू आहे, फक्त यूएसबीच्या हार्डवेअर आयडीत ‘व्हीआयडी’ आणि ‘पीआयडी’ अशी अक्षरे असतात. ०४०३ आणि ६००१ म्हणजे एफटीडीआय, ०६७बी आणि २३०३ म्हणजे प्रॉलिफिक, १ए८६ आणि ७५२३ म्हणजे सीएच३४०. केबलच्या वेष्टनावर काहीही छापलेले असो, आतली चिप कोणती हे क्रमांकावरूनच समजते.

प्रॉलिफिकच्या जुन्या चिपवर नवा ड्रायव्हर टाकला की ड्रायव्हर बसतो, पण यंत्र ‘कोड १०’ दाखवून सुरू होत नाही, किंवा नावाच्या जागी ‘पीएल२३०३एचएक्सए २०१२ पासून बंद’ अशा अर्थाचा इंग्रजी मजकूर दिसतो. कंपनीने त्या पिढीच्या चिपचा आधार नव्या ड्रायव्हरातून काढून टाकला आहे. अशा वेळी आणखी नवा ड्रायव्हर शोधणे व्यर्थ आहे. डिव्हाइस मॅनेजरमध्ये ‘संगणकावरील उपलब्ध ड्रायव्हरांच्या यादीतून निवडा’ हा पर्याय घेऊन जुनी आवृत्ती निवडावी लागते, आणि ती आधीपासून जपून ठेवलेली असावी लागते. माझा अनुभव असा की उत्पादनाच्या यंत्रासाठी एफटीडीआय चिपची केबल घ्यावी आणि तिचा ड्रायव्हर त्याच दिवशी साठ्यात ठेवावा.

ज्यांच्याकडे अजून विंडोज ७ आहे, आणि कारखान्यांत असे संगणक पुष्कळ आहेत, त्यांना आणखी एक अडचण येते. अलीकडच्या ड्रायव्हरांची स्वाक्षरी एसएचए-२ पद्धतीची असते आणि जुन्या विंडोज ७ ला ती ओळखता येत नाही, त्यामुळे ‘कोड ५२’ येतो. त्यासाठी केबी४४९०६२८ आणि केबी४४७४४१९ हे दोन अपडेट, याच क्रमाने, वर सांगितलेल्या कॅटलॉगवरून उतरवून हाताने टाकावे लागतात. सर्व्हिस पॅक १ आधी असणे आवश्यक आहे. स्वाक्षरीची तपासणी कायमची बंद करून ठेवण्याचा सल्ला काही जण देतात, त्याला माझा विरोध आहे. ज्या यंत्रावर माणसे काम करतात तेथे कोणाचा आहे हे ठाऊक नसलेला ड्रायव्हर चालू देणे योग्य नाही.

संगमेश्वरी

याच विषयातला एक प्रश्न. आमच्या पतसंस्थेने नवीन लॅपटॉप घेतला आहे, प्रोसेसर इंटेलचा बाराव्या पिढीचा आहे. विंडोज नव्याने टाकताना डिस्क निवडण्याच्या पायरीवर यादी रिकामीच येते. एसएसडी खराब आहे असे दुकानदाराचे म्हणणे आहे, पण बायोसमध्ये ती दिसते. शाखेत नेट बेभरवशाचे आहे, म्हणून काय काय सोबत न्यावे हे आधी ठरवायचे आहे.

हार्डवेअर_नाशिक

एसएसडी बदलण्याची घाई करू नका. इंटेलच्या अकराव्या पिढीपासून अनेक लॅपटॉपमध्ये ‘व्हीएमडी’ नावाचा नियंत्रक चालू ठेवलेला असतो आणि एनव्हीएमई डिस्क (नव्या प्रकारची वेगवान एसएसडी) त्याच्या मागे बसते. विंडोजच्या इन्स्टॉलरमध्ये त्याचा ड्रायव्हर नसला की डिस्कची यादी रिकामी येते.

इंटेलच्या किंवा लॅपटॉपच्या कंपनीच्या संकेतस्थळावरून ‘रॅपिड स्टोरेज टेक्नॉलॉजी’चा आपल्या पिढीला लागू असलेला ड्रायव्हर घ्या. इंटेलची ‘सेटअपआरएसटी’ ही फाइल तशीच पेनड्राइव्हवर ठेवून चालणार नाही, कारण इन्स्टॉलरला आयएनएफ लागते. दुसऱ्या एखाद्या संगणकावर त्या फाइलीला ‘एक्स्ट्रॅक्टड्रायव्हर्स’ हा स्विच देऊन ती एका फोल्डरात सोडवा आणि ते फोल्डर विंडोजच्या पेनड्राइव्हवर ठेवा. डिस्क निवडण्याच्या पायरीवर ‘लोड ड्रायव्हर’ घेऊन त्यातले व्हीएमडीचे फोल्डर दाखवले की डिस्क दिसू लागते. बायोसमधून व्हीएमडी बंद करूनही डिस्क दिसते, परंतु हा मार्ग डिस्क कोरी असेल तेव्हाच धरा. आधीचे विंडोज व्हीएमडी चालू असताना टाकलेले असेल आणि त्यात संस्थेचे काम असेल, तर ही सेटिंग बदलताच ते सुरू होणार नाही.

विंडोज ११ टाकत असाल तर पुढचा अडथळा वायफायचा आहे. शेवटच्या टप्प्यात ते नेटवर्कशी जोडण्याचा आग्रह धरते आणि वायफायचा ड्रायव्हर नसल्यामुळे यादीत एकही नेटवर्क येत नाही. २४एच२ आवृत्तीत त्याच पानावर ड्रायव्हर बसवण्याचे बटण दिलेले आहे, म्हणून वायफायच्या ड्रायव्हरचे सोडवलेले फोल्डरही त्याच पेनड्राइव्हवर असू द्या. रेंज असेल तर सर्वांत सोपे म्हणजे अँड्रॉइड मोबाइल केबलने जोडून ‘यूएसबी टेदरिंग’ सुरू करणे. विंडोजकडे त्याचा ड्रायव्हर बहुधा मुळातच असतो, आणि वायफायचे कार्ड न ओळखलेल्या यंत्रालाही तेवढ्यापुरते नेट मिळते.

सातपुडा_शाळा

सर्वांचे आभार मानण्यासाठी आणि पुढे काय झाले ते कळवण्यासाठी लिहीत आहे. ग्राफिक्सची कॅब फाइल मोबाइलवर उतरवून आणली. आयएनएफ नोटपॅडमध्ये उघडून ०१५२ शोधला, तो सापडला. ड्रायव्हर बसताना पडदा क्षणभर काळा झाला आणि नंतर चित्र पूर्ण रुंदीत आले, अक्षरे ताणलेली राहिली नाहीत. उरलेल्या संगणकांवर बॅच फाइल आमच्या नववीच्या विद्यार्थिनींनी चालवली. आधी प्रत्येकीने आपल्या संगणकाचा क्रमांक वहीत लिहून घेतला आणि नंतरच ड्रायव्हर टाकला. मॅनेजमेंट इंजिनचा ड्रायव्हरही सोबत आणला होता, तोही बसला. ‘पीसीआय सिरियल पोर्ट’वरचे चिन्ह तसेच ठेवले आहे. दोन्ही सेल बदलले. एका संगणकावर डेबियन टाकून पाहण्याचे ठरवले आहे.

आता दोन शंका उरल्या आहेत. शाळेत इंग्रजी शब्दसंग्रहाची एक जुनी प्रणाली आहे, ती ‘डॉट नेट ३.५’ मागते आणि नेटवरून उतरवू का असे विचारते. आणि स्विच बसवल्यावर बाराही संगणकांवरून एकाच प्रिंटरवर छपाई करता येईल का?

हार्डवेअर_नाशिक

ताई, विद्यार्थिनींकडून आधी क्रमांक लिहून घेतलेत हे फार चांगले केलेत.

डॉट नेट ३.५ आपल्याजवळच आहे. विंडोजच्या ज्या पेनड्राइव्हवरून आपण विंडोज टाकले त्यात ‘सोर्सेस’ फोल्डरामध्ये ‘एसएक्सएस’ नावाचे उपफोल्डर असते. ‘डिझम’ या आज्ञेला ‘नेटएफएक्स३’ हे वैशिष्ट्य चालू करण्यास सांगून, ‘सोर्स’ म्हणून त्या उपफोल्डराचा मार्ग द्या आणि ‘लिमिटॲक्सेस’ हा स्विच लावा, म्हणजे ती नेटकडे पाहत नाही. पेनड्राइव्हवरची विंडोज आणि संगणकावरची विंडोज एकाच आवृत्तीची असावी, नाहीतर आज्ञा त्रुटी दाखवते.

प्रिंटरबद्दल. एलबीपी २९००बी ला लॅनचे पोर्ट नाही, म्हणून तो शिक्षकांच्या संगणकाला यूएसबीने जोडून शेअर करावा लागेल, आणि छपाई करताना तो संगणक चालू असावा लागेल. कॅननच्या संकेतस्थळावरून ६४-बिटचा ड्रायव्हर घ्या. बत्तीस-बिटचा वेगळा असतो आणि नाव जवळपास सारखेच असते, म्हणून पानावरचा मजकूर नीट वाचा. टाकताना यूएसबी केबल आधी जोडू नका, इन्स्टॉलर सांगेल तेव्हाच प्रिंटर जोडून चालू करा, कारण आधी जोडल्यास विंडोज त्याला अनोळखी यंत्र म्हणून नोंदवते आणि मग ती नोंद काढत बसावे लागते. बाकीच्या अकरा संगणकांवरही हाच ड्रायव्हर लागेल, आणि तो ॲडमिनिस्ट्रेटर खात्यातून टाकावा लागेल. मुलांच्या मर्यादित खात्यातून शेअर केलेला प्रिंटर जोडायला गेल्यास विंडोज परवानगी मागून थांबते. कॅननचा ड्रायव्हर आपण केलेल्या शेअर फोल्डरातच वेगळ्या उपफोल्डरात ठेवा, आणि प्रत्येक उपफोल्डराच्या नावात हार्डवेअर क्रमांक, विंडोजची आवृत्ती आणि उतरवल्याची तारीख लिहा. त्या फोल्डराची एक प्रत पेनड्राइव्हवर काढून मुख्याध्यापकांच्या कपाटात ठेवावी, कारण शिक्षकांच्या संगणकाची हार्ड डिस्कही इतरांइतकीच जुनी आहे.